निर्माती : सई परांजपे आणि दूरचित्रवाणीची विसरलेली वर्षे

सई परांजपे यांचे नाव निघाले की मराठी वाचकाला प्रथम ‘स्पर्श’, ‘चश्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ हे तीन हिंदी चित्रपट आठवतात. नाट्यप्रेमी असेल तर तो त्यात ‘जास्वंदी’ किंवा ‘सख्खे शेजारी’ यांची भर घालतो, आणि बालपण पुण्यात गेले असेल तर ‘पत्तेनगरी’चीही. त्या दिल्ली दूरदर्शनच्या निर्मात्या होत्या, ही गोष्ट मात्र परिचयाच्या एका ओळीत उरकली जाते. ‘काही वर्षे दूरदर्शनमध्ये नोकरी केल्यानंतर त्या चित्रपटांकडे वळल्या’, अशी ती ओळ असते. या ओळीतला ‘नोकरी’ हा शब्द आणि ‘वळल्या’ हे क्रियापद, दोन्ही दिशाभूल करणारी आहेत, असे आमचे म्हणणे आहे. सई परांजपे यांच्या चित्रपटांना आणि नाटकांना जो घाट आहे तो दूरचित्रवाणीच्या स्टुडिओत घडला. त्या पुढे कोठेही गेल्या तरी तो घाट त्यांच्याबरोबर राहिला. प्रस्तुत लेखात त्या घडणीचा मागोवा घ्यायचा आहे. त्याबरोबरच, आपल्या वाङ्मयेतिहासात दूरचित्रवाणीसाठी लिहिणाऱ्या लेखकाला जागा का नाही, या प्रश्नाकडेही वळायचे आहे.

एका शब्दाचे तीन अर्थ

आरंभी ‘निर्माता’ हा शब्द तपासून घेतला पाहिजे, कारण या कारकिर्दीचा इतिहास बऱ्याच अंशी या शब्दाच्या अर्थांतराचा इतिहास आहे.

मराठी रंगभूमीवर निर्माता म्हणजे पैसे उभे करणारा. तारखा मिळवणे, नटांची मर्जी सांभाळणे, दौऱ्याची गाडी ठरवणे आणि नाटक पडले तर कर्ज फेडणे ही त्याची कामे. संहिता लेखकाची, प्रयोग दिग्दर्शकाचा आणि तोटा निर्मात्याचा, अशी ही वाटणी. चित्रपटातही थोड्याफार फरकाने हेच चित्र दिसते.

आकाशवाणीने हा शब्द वेगळ्या अर्थाने रूढ केला. पन्नाशीच्या दशकाच्या मध्यात बाळकृष्ण विश्वनाथ केसकर माहिती व नभोवाणी खात्याचे मंत्री होते. ते मूळचे पुण्याचे. त्यांच्या काळात साहित्यिकांना आणि संगीतकारांना आकाशवाणीत ‘निर्माता’ या पदावर घेण्याची योजना सुरू झाली. या निर्मात्याकडे भांडवल नव्हते आणि तोट्याचे भयही नव्हते. कार्यक्रमाची कल्पना काढायची, संहिता स्वतः लिहायची किंवा दुसऱ्याकडून लिहवून घ्यायची, कलावंत निवडायचे, तालीम घ्यायची आणि ध्वनिक्षेपण संपेपर्यंत खोलीबाहेर पडायचे नाही, असे त्याचे काम होते. म्हणजे लेखक, दिग्दर्शक आणि व्यवस्थापक हे तिघे एका पगारात. मराठीतल्या कितीतरी लेखकांचे संसार या योजनेने सावरले. व्यंकटेश माडगूळकर पुणे केंद्राच्या ग्रामीण कार्यक्रमांत अनेक वर्षे होते. पु. ल. देशपांडे आकाशवाणीत गेले, बी.बी.सी.त प्रशिक्षण घेऊन आले आणि दिल्लीला दूरचित्रवाणीच्या अगदी आरंभीच्या दिवसांत निर्माते म्हणून काम करू लागले. त्याच परदेशवारीतून ‘अपूर्वाई’ मराठीला मिळाली. ‘अपूर्वाई’ प्रत्येक वाचनालयात असते. त्या प्रवासाचे मूळ प्रयोजन असलेले दूरचित्रवाणीचे काम मात्र पुलंच्या चाहत्यांनाही फारसे सांगता येत नाही.

या शब्दाचा तिसरा अर्थ १९८४ नंतरचा आहे. त्याकडे पुढे येऊ. सई परांजपे यांची विशेषता अशी की या तिन्ही अर्थांतून जाणारी त्यांची एकच सलग कारकीर्द आहे.

पुण्यातली पूर्वतयारी

त्यांचा जन्म १९ मार्च १९३८ रोजी लखनौला झाला. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे त्या वेळी लखनौ विद्यापीठाचे कुलगुरू होते. केंब्रिजला १८९९ साली सीनियर रँग्लर झालेले आणि पुढे फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्यपद दीर्घकाळ भूषवणारे हे गृहस्थ पुण्याच्या बौद्धिक इतिहासातले एक मोठे प्रकरण आहे. आई शकुंतला परांजपे यांनी केंब्रिजला गणिताचे शिक्षण घेतले होते आणि जिनिव्हाच्या आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेत नोकरी केली होती. प्रभातच्या ‘कुंकू’ (१९३७) चित्रपटात त्यांनी भूमिका केली आणि पुढे र. धों. कर्वे यांच्या वाटेने संततिनियमनाच्या प्रचाराला वाहून घेतले. १९६४ ते १९७० या काळात त्या राज्यसभेच्या नामनियुक्त सदस्य होत्या. वडील युरा स्लेप्टझॉफ हे रशियन चित्रकार. सईंचे बालपण मात्र आई आणि आजोबांच्या घरी, पुण्यात गेले. रँग्लर १९४४ ते १९४७ या काळात ऑस्ट्रेलियात भारताचे उच्चायुक्त होते. तेव्हाची काही वर्षे कॅनबेरात गेली. आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे त्यांचे परीकथांचे पुस्तक प्रसिद्ध झाले.

अशा घराण्याची नामावळी दिली की वाचकाला वाटते, पुढचे सारे ओघानेच आले असणार. तसे झाले नाही. या घरातून थेट चित्रपटाच्या पडद्याकडे जाणारी वाट नव्हती. जी होती ती आकाशवाणीच्या पुणे केंद्रातून जाणारी होती.

हे केंद्र २ ऑक्टोबर १९५३ रोजी सुरू झाले. सई परांजपे तेथे निवेदिका म्हणून काम करू लागल्या आणि मुलांच्या कार्यक्रमांतही रमल्या. पुणे केंद्राच्या ‘बालोद्यान’मागे गोपीनाथ तळवलकर यांच्यासारखा मुलांसाठी आयुष्यभर लिहिणारा लेखक होता, हे येथे सांगायला हवे. नभोवाणीवर लिहिताना लेखकाला दोन गोष्टी शिकाव्या लागतात. पहिली, श्रोता कोणत्याही क्षणी खुंटी फिरवून निघून जाऊ शकतो, म्हणून प्रत्येक वाक्य त्याला धरून ठेवणारे हवे. दुसरी, दिसत काहीच नाही, म्हणून पात्र कोण, कोठे उभे आहे आणि कोणत्या मनःस्थितीत आहे हे आवाजावरून आणि संवादाच्या वळणावरून कळले पाहिजे. मुलांच्या कार्यक्रमात ही शिस्त अधिक कडक असते. मोठी माणसे सभ्यपणे कंटाळतात. मुले तसे करीत नाहीत.

त्यानंतर दिल्लीचे राष्ट्रीय नाट्यविद्यालय. तेथून त्या १९६३ साली पदवी घेऊन बाहेर पडल्या. इब्राहिम अल्काझी यांनी विद्यालयाची सूत्रे १९६२ साली हाती घेतली होती. अल्काझीही जन्माने पुण्याचेच. त्यांच्या हाताखाली शिकलेल्यांना नेपथ्य, प्रकाश आणि नटाच्या हालचालींचा नकाशा हे संहितेइतकेच महत्त्वाचे वाटू लागले. नभोवाणीतून कान तयार झाला होता. येथे डोळ्याला शिस्त लागली. या दोहोंची एकाच जागी गरज असलेले माध्यम तेव्हा दिल्लीत नुकतेच रांगू लागले होते.

स्टुडिओचे व्याकरण

भारतात दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रसारण १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत सुरू झाले. प्रारंभी ते आठवड्यातून दोन दिवस, जेमतेम तासभर असे. १९६५ पासून रोजचे प्रसारण सुरू झाले. ‘कृषिदर्शन’ १९६७ साली आले. प्रेक्षक दिल्ली आणि तिच्या आसपासचे. १ एप्रिल १९७६ पर्यंत दूरचित्रवाणी हा आकाशवाणीचाच एक विभाग होता. पदांची नावे, पगाराच्या श्रेणी आणि फायलींचे रंगसुद्धा नभोवाणीकडून वारशाने आलेले. ‘निर्माता’ हे पदही तसेच आले.

या माध्यमात नाटक कसे होत असे, हे आजच्या विद्यार्थ्याला समजावून सांगावे लागते. मर्यादित जागेच्या स्टुडिओत दोन किंवा तीन नेपथ्ये शेजारी शेजारी उभी केलेली असत. अवजड कॅमेरे चाकांवरून फिरत. निर्माता काचेपलीकडच्या नियंत्रण कक्षात पडद्यांसमोर बसे आणि कोणत्या कॅमेऱ्याचे चित्र बाहेर जायचे ते त्या क्षणी सांगे. प्रसारण थेट असे. संपादनाची सोय नव्हती, पुन्हा टेक घेण्याचा प्रश्नच नव्हता. चित्रफीत आली तेव्हाही ती महाग असल्याने पुसून पुन्हा वापरली जाई.

या परिस्थितीचे लेखनावर होणारे परिणाम फार नेमके असतात. एक पात्र पहिल्या प्रवेशाच्या शेवटी दिवाणखान्यात आहे आणि दुसऱ्याच्या सुरुवातीला त्याला रस्त्यावर दाखवायचे आहे, असे लिहिता येत नाही. त्याला एका नेपथ्यातून दुसऱ्यात धावत जायला अर्धा मिनिट लागतो. तेवढा वेळ मागे उरलेल्या पात्रांच्या तोंडी संवाद द्यावे लागतात, आणि ते संवाद भरताड वाटून चालत नाही. म्हणून दुय्यम पात्रांना स्वतःचे बोलणे, स्वतःची लकब द्यावी लागते. वेशभूषा बदलायला वेळ नसतो, म्हणून काळ उलटल्याचे शब्दांतून सुचवावे लागते. गर्दीचे दृश्य अशक्य, म्हणून गर्दीचे काम दोन शेजारी आणि एक दुकानदार यांच्याकडून करून घ्यावे लागते. लहान पडद्यावर दूरचे चित्र दिसत नाही, म्हणून चेहरा जवळून घ्यावा लागतो. जवळून पाहिले की नाटकी अभिनय खोटा दिसतो, आणि मग संवादही बोलण्यातले, अर्धवट सोडलेले, साधे लिहावे लागतात.

आता हे सर्व नियम बाजूला ठेवून सई परांजपे यांच्या चित्रपटांचे वर्णन करायला बसावे. थोड्या जागा, मोजकी पात्रे, रेंगाळणारी पण कंटाळवाणी न होणारी संभाषणे, ज्यांच्यावाचून कथा चालली असती तरी चित्रपट चालला नसता अशी दुय्यम पात्रे आणि आवाज न चढवणारा विनोद. समीक्षकांनी या वैशिष्ट्यांना ‘साधेपणा’, ‘निरागसता’, ‘मध्यमवर्गीय गोडवा’ अशी नावे दिली आहेत. ती नावे लेखिकेच्या स्वभावाविषयी काही सांगतात, तिच्या कारागिरीविषयी मात्र काही सांगत नाहीत. हा साधेपणा एका अवघड कारखान्यात, घड्याळाकडे पाहत, शिकलेला आहे.

१९७२

सई परांजपे यांच्या दूरचित्रवाणीवरील कारकिर्दीत १९७२ या वर्षाला विशेष स्थान आहे. दूरचित्रवाणीसाठी त्यांनी केलेल्या पहिल्या चित्रपटाला, ‘द लिटल टी शॉप’ला, त्या वर्षी तेहरान येथे आशियाई प्रसारण संघाचे पारितोषिक मिळाले. त्याच वर्षी २ ऑक्टोबरला मुंबईत देशातले दुसरे दूरचित्रवाणी केंद्र सुरू झाले आणि त्याच्या उद्घाटनाचा कार्यक्रम सिद्ध करण्याची जबाबदारी त्यांच्यावर सोपवण्यात आली. मराठी माणसाच्या घरात दूरचित्रवाणी आली ती या केंद्रातून. १९७३ साली सिंहगडावर प्रक्षेपक बसला आणि मुंबईचे कार्यक्रम पुण्यात दिसू लागले.

येथे एक सामाजिक बाब नोंदवायला हवी. त्या काळच्या हिंदी किंवा मराठी चित्रपटसृष्टीत स्त्री-दिग्दर्शक अपवादानेच सापडत असत. भांडवल पुरुषांचे, वितरण पुरुषांचे आणि विश्वासही पुरुषांवरच. दूरदर्शनमध्ये मात्र निर्मातीचे पद नियुक्तीने मिळत होते. त्या पदावर बसलेल्या स्त्रीचा शब्द नियंत्रण कक्षात अखेरचा असे. कॅमेरामन, प्रकाशयोजनाकार आणि नट या सर्वांना तिच्या सूचनेनुसार हलावे लागे. मुंबई केंद्रावर विजया जोगळेकर-धुमाळे, सुहासिनी मुळगावकर अशा निर्मात्या पुढे आल्या त्या याच व्यवस्थेतून. सरकारी माध्यमावर आपण लालफितीसाठी, भाटगिरीसाठी आणि कंटाळवाणेपणासाठी टीका करतो, आणि ती बहुतांशी रास्तच असते. तथापि बाजाराने जे स्त्रियांना दिले नव्हते ते या रुक्ष खात्याने एका नेमणूकपत्राने दिले, हेही इतिहासात लिहिले गेले पाहिजे.

पुण्याचाही यात वाटा आहे. दूरचित्रवाणीच्या प्रशिक्षणाचा विभाग १९७४ साली दिल्लीहून पुण्यात आणला गेला आणि प्रभात स्टुडिओच्या जागेवर उभ्या असलेल्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या नावात ‘टेलिव्हिजन’ हा शब्द सामील झाला. ज्या आवारात ‘कुंकू’ चित्रित झाला त्याच आवारात दूरदर्शनचे कर्मचारी कॅमेरा धरायला शिकू लागले.

स्टुडिओतून पडद्याकडे

‘चश्मेबद्दूर’ (१९८१) हा चित्रपट सई परांजपे यांच्याच ‘धुआँ धुआँ’ या दूरदर्शन-नाटकावरून घडला. चित्रपट म्हणून तो इतका सहज वाटतो की त्याचे स्टुडिओतले मूळ ध्यानातही येत नाही. पण पाहू लागले की खुणा दिसतात. तीन मित्रांची दिल्लीतली एक खोली. कोपऱ्यावरचे लल्लन मियाँचे पानाचे दुकान. एका मुलीचे दार. एक बाग. कथा बहुतांशी या चार ठिकाणी घडते. सईद जाफरी यांनी रंगवलेला उधारीने बेजार झालेला लल्लन मियाँ हा तर ‘गर्दीचे काम करणारा दुकानदार’ या जातीचा आदर्श नमुना आहे. दोन मित्र आपल्या प्रेमविजयाच्या ज्या थापा मारतात त्यांतून हिंदी चित्रपटाच्या भपक्याची थट्टा होते. छोट्या पडद्यावर काम केलेल्या लेखिकेने मोठ्या पडद्याला काढलेला हा चिमटा आहे.

दीप्ती नवल साबणाची भुकटी विकायला दारात उभी राहते आणि प्रात्यक्षिक दाखवते, तो ‘चमको’चा प्रसंग सर्वांच्या लक्षात राहिला आहे. दूरदर्शनवर जाहिराती १९७६ साली सुरू झाल्या होत्या. पाठ केलेले जाहिरातीचे बोलणे एखादी संकोची मुलगी खऱ्या घरात, खऱ्या माणसासमोर बोलू लागली तर काय होईल, या कल्पनेतून तो प्रसंग फुलतो. जाहिरातीची भाषा इतक्या जवळून ऐकलेल्या माणसालाच हे सुचावे.

‘स्पर्श’मध्ये नभोवाणीचा वारसा अधिक खोलवर आहे. चित्रपट दिल्लीच्या अंधशाळेत चित्रित झाला. नासिरुद्दीन शाह यांनी उभा केलेला अनिरुद्ध हा अंध प्राचार्य नायिकेपर्यंत पोचतो तो तिचे गाणे ऐकून. आवाजाच्या दिशेने चालत तो तिच्या दाराशी येतो. प्रेमकथेचा असा आरंभ निव्वळ दृश्यमाध्यमात वाढलेल्या दिग्दर्शकाला सुचणे कठीण. पुणे केंद्रातल्या निवेदिकेला माहीत होते की माणूस आधी ऐकू येतो आणि मग दिसतो. या चित्रपटाला १९७९ या वर्षासाठीच्या राष्ट्रीय पारितोषिकांत सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा आणि शाह यांना अभिनयाचा पुरस्कार मिळाला. सई परांजपे यांना वैयक्तिक पुरस्कार मिळाला तो पटकथेसाठी, म्हणजे लेखनासाठी, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

‘कथा’ (१९८३) मराठीतल्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावर आधारलेली आहे. येथे चाळ हेच नेपथ्य आहे. लांब गॅलरी, एकमेकांना चिकटलेली दारे, कोण कोणाकडे गेले हे सर्वांना ठाऊक. अनेक कॅमेऱ्यांच्या स्टुडिओत शेजारी शेजारी मांडलेली नेपथ्ये आणि चाळीतल्या खोल्या यांच्यातले साम्य आम्हाला योगायोगाचे वाटत नाही. त्यांच्या कामांची नुसती नावे पाहिली तरी एक आवर्तन जाणवते : ‘सख्खे शेजारी’ हे नाटक, ‘अडोस पडोस’ ही मालिका, ‘हम पंछी एक चाल के’ ही आणखी एक मालिका. ‘दिशा’ (१९९०) मध्ये गिरणी कामगारांची दाटीवाटीची खोली आहे. शेजार हा या लेखिकेचा आयुष्यभराचा विषय आहे.

या विषयाचे दूरचित्रवाणीशी नाते जवळचे होते. सत्तरीच्या दशकात चाळीत किंवा वाड्यात संच एखाद्याच घरी असे. शनिवारी-रविवारी चित्रपट पाहायला त्या घरी सतरंजी अंथरली जाई आणि शेजारपाजारची पंधरावीस माणसे दाटीने बसत. म्हणजे शेजाऱ्यांविषयीचा कार्यक्रम शेजारी एकत्र बसून पाहत होते. थट्टा आपलीच चालली आहे हे प्रत्येकाला कळत होते आणि ती शेजाऱ्याच्या देखत चालली आहे हेही. अशा प्रेक्षकासाठी लिहिणारा लेखक बोचरा होऊ शकत नाही. तो अचूक असावा लागतो. सई परांजपे यांचा विनोद दुखवत नाही, पण सोडतही नाही, तो यामुळे.

१९८४ आणि त्यानंतर

आता तिसरा अर्थ. १९८२ साली रंगीत प्रसारण आणि राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाले. ७ जुलै १९८४ रोजी ‘हम लोग’ ही मालिका आली. मनोहर श्याम जोशी यांनी लिहिलेल्या या मालिकेने प्रायोजित मालिकांचे युग सुरू झाले. कार्यक्रम बाहेरच्या संस्थांनी करायचे, खर्च प्रायोजकाच्या जाहिरातीतून निघायचा आणि दूरदर्शनने वेळ द्यायचा, अशी ही नवी मांडणी होती. निर्माता पुन्हा पैशाचे गणित मांडणारा झाला.

या नव्या चौकटीत सई परांजपे लगेच आल्या. ‘अडोस पडोस’ १९८४ ची आणि ‘छोटे बडे’ १९८५ ची. त्या काळच्या मालिका साधारणतः तेरा भागांच्या असत. आठवड्याला एक भाग, आरंभ आणि शेवट आधी ठरलेला. तेरा भागांत एक कादंबरिका बसते. लेखकाला पात्र वाढवता येते आणि योग्य वेळी संपवताही येते. मराठीत सत्तरीच्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई केंद्राने चिं. वि. जोशी यांच्या लेखनावर ‘चिमणराव’ ही मालिका केली होती. दिलीप प्रभावळकर यांचा चिमणराव आणि बाळ कर्वे यांचा गुंड्याभाऊ आजही लोकांना आठवतो. साहित्य आणि छोटा पडदा यांची सोयरीक जमू शकते, याचा तो पुरावा होता.

१९९९ साली अल्फा मराठी आणि २००० साली ई टीव्ही मराठी आली. रोजच्या मालिकांचा काळ सुरू झाला. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे, आणि कथेची दिशा दर आठवड्याच्या प्रेक्षकसंख्येच्या आकड्यांवर. या व्यवस्थेत गुणी लेखक नाहीत, असे म्हणणे अन्यायाचे होईल. अनेक चांगले नाटककार तेथे राबले आणि राबत आहेत. पण लेखन, दिग्दर्शन आणि अंतिम निर्णय एका व्यक्तीच्या हाती असलेला तो जुना ‘निर्माता’ या व्यवस्थेत संभवत नाही. ज्याचा शेवट कोणालाच माहीत नाही अशा कथेला घाट देता येत नाही, हे साहित्याच्या विद्यार्थ्याला वेगळे सांगायला नको.

सई परांजपे स्वतः पुढे चित्रपट, अनुबोधपट, बालचित्रपट आणि नाटके करीत राहिल्या. बालचित्रसमितीच्या अध्यक्षपदाची धुरा त्यांनी दोनदा सांभाळली. २००६ साली त्यांना पद्मभूषण देण्यात आले. ५ एप्रिल २०१३ रोजी ‘चश्मेबद्दूर’ची नवी आवृत्ती चित्रपटगृहांत आली आणि त्याच दिवशी मूळ चित्रपटही पुन्हा प्रदर्शित झाला. बत्तीस वर्षांनंतर मूळ चित्रपट नव्या शेजारी उभा राहू शकला, हे स्टुडिओत शिकलेल्या कारागिरीचे फलित मानायला हरकत नाही.

उरले काय?

येथे प्रश्न उभा राहतो तो आमच्या व्यवसायाचा. महाविद्यालयांच्या मराठी विभागांत ‘प्रसारमाध्यमांसाठी लेखन’ हा विषय आता सर्रास शिकवला जातो. दूरचित्रवाणी-संहितेचे तंत्र, कॅमेऱ्याच्या सूचना, पानाची उजवी आणि डावी बाजू हे सारे विद्यार्थी पाठ करतात. मात्र नमुना म्हणून वाचायला द्यावी अशी संहिता शोधू लागले की हाती फारसे काही लागत नाही. कवितेच्या तासाला कविता असते, नाटकाच्या तासाला नाटक असते. दूरचित्रवाणीच्या तासाला फक्त नियम असतात.

याची कारणे दोन आहेत. पहिले माध्यमाच्या स्वभावातच आहे. ज्या नाटकांचे प्रसारण थेट झाले त्यांचे दृश्यरूप त्या संध्याकाळीच संपले. पण संहिता तर कागदावर होत्या. त्या जपल्या गेल्या नाहीत, छापल्या गेल्या नाहीत, याचे कारण दुसरे आहे आणि ते आपल्या दृष्टीत आहे. जे पगारासाठी, खात्यासाठी, ठरलेल्या वेळेत आणि ठरलेल्या मिनिटांत बसवून लिहिले ते साहित्य नव्हे, असा आपला एक जुना समज आहे. बखरी पदरी असलेल्या माणसांनीच लिहिल्या आणि संगीत नाटके कंपनीच्या हिशेबावर उभी राहिली, हे आपण एरवी अभिमानाने शिकवतो. दूरदर्शनच्या निर्मात्याला मात्र तो न्याय लावत नाही.

परिणाम असा की या कारकिर्दीचा इतिहास लिहायला बसणाऱ्याला लेखिकेच्या स्मरणाचाच आधार घ्यावा लागतो. ‘सय’ हे त्यांचे आत्मकथन २०१६ साली प्रसिद्ध झाले आणि त्यातून आकाशवाणीपासूनचा सारा प्रवास समोर आला. आत्मकथन हा मोलाचा दस्तऐवज आहे, पण तो दप्तराची जागा घेऊ शकत नाही. लेखकाने काय लिहिले हे त्याच्या आठवणीवरून नव्हे, तर त्याच्या लेखनावरून ठरवता आले पाहिजे. ‘धुआँ धुआँ’ आणि ‘चश्मेबद्दूर’ या दोन संहिता समोरासमोर ठेवून एखाद्या विद्यार्थ्याने प्रबंधिका लिहिली, तर माध्यमांतराविषयी दहा सिद्धान्तपर लेखांपेक्षा अधिक कळेल.

पुण्यामुंबईत अजून अशी घरे आहेत जेथे आकाशवाणी-दूरदर्शनवर लिहिणाऱ्या आईवडिलांच्या टंकलिखित संहिता माळ्यावर किंवा कपाटाच्या तळाशी पडून असतील. वरच्या कोपऱ्यात प्रसारणाची तारीख, मिनिटांचा हिशेब, समासात शाईने केलेल्या खुणा. त्या खुणांत नटाला धावायला किती वेळ लागला ते लिहिलेले असते, आणि तेवढ्या वेळात मागे उरलेली पात्रे काय बोलली तेही. रद्दीवाल्याच्या तराजूत जाण्यापूर्वी हे कागद विद्यापीठांनी आणि ग्रंथसंग्रहालयांनी मागून घ्यायला हवेत. निदान मराठीच्या प्राध्यापकांनी आपल्या विद्यार्थ्यांना त्यांच्या घरच्या माळ्यावर एकदा चढायला तरी सांगावे.